आज्जी, आपल्यात टीव्ही कधी आला गं?

आमच्या बेळगावातल्या वडगावात कापड विणायच्या मागाचा आवाज थांबला तर झोपलेलं माणूस जागं होतं, एवढी त्याची सवय. आज्जी सांगायची की रामायण चालू होतं तेव्हा रविवारी सकाळी साडेनऊला गल्लीतले माग एकेक करून बंद व्हायचे, आणि मग टायटलचं गाणं शेवटच्या घरापर्यंत ऐकू यायचं. ही गोष्ट मी लहानपणापासून शंभरदा ऐकली पण लिहून कधी ठेवली नाही. मग थोरले काका गेले, आणि टीव्ही त्यांनीच आणलेला, त्यामुळे पैसे कुठून उभे केले, दुकान कुठलं, घरी कशावरून आणला, हे सगळं त्यांच्याबरोबर गेलं. तेव्हापासून मी घरातल्यांच्या आणि गल्लीतल्यांच्या टीव्हीच्या आठवणी रेकॉर्ड करायला लागलो. आता तीन वर्षं झाली. बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या कुणाला आपल्या घरी हे करायचं असेल तर मी काय शिकलो ते सांगतो.

सगळ्यात आधी, "कुठल्या मालिका बघायचा?" हा प्रश्न पहिल्यांदा विचारू नका. मी तोच विचारला आणि सगळ्यांकडून तीच यादी मिळाली, जी अख्ख्या भारतात कुणीही सांगेल. सुरुवात जागेपासून करा. कागद-पेन समोर ठेवा आणि म्हणा, तेव्हाची खोली काढून दाखव की, टीव्ही कुठं होता, तोंड कुठल्या बाजूला, कोण कुठं बसायचं. आत्याला चित्र काढता येत नाही म्हणून ती आधी लाजली, पण चौकोन काढून त्यात कोनाडा दाखवला आणि मग बोलायची थांबेना. शटरचा लाकडी टीव्ही, वर क्रोशाचं झाकण, त्यावर प्लॅस्टिकची फुलं, ब्लॅक अँड व्हाइट पडद्यावर लावायची ती निळसर काच, खाली स्टॅबिलायझर. आणि कौलावर चढून अँटेना फिरवणारा धाकटा काका, खालून आत्या ओरडतेय "आलं आलं… गेलं की रे… मुंग्या आल्या… हां थांब, हात सोडू नको!" आणि तो तसाच अँटेना धरून वर उभा, म्हणजे त्याला फक्त ऐकू यायचं, बघायला काहीच मिळायचं नाही. हे कुठल्याही यादीत आलं नसतं.

त्या चित्रात कोण कुठं बसायचं ते नक्की विचारा, आणि जे आत बसत नव्हते त्यांना वेगळं जाऊन विचारा. हे मला फार महत्त्वाचं वाटतं. गल्लीत एखाद-दुसराच टीव्ही असायचा तेव्हा "सगळे एकत्र बघायचो, काय दिवस होते" असं टीव्हीवालं घर सांगतं. आत्याच्या एका मैत्रिणीकडं गेलो तर ती म्हणाली, "आम्ही खिडकीतनंच बघायचो बाबा, आत ये असं कुणी म्हटलंच न्हाई." ती खिडकी आमच्याच घराची. मी ते आज्जीला सांगितलं, ती बराच वेळ गप्प बसली, मग म्हणाली, "तसंच होतं तेव्हा." दोन्ही रेकॉर्डिंग मी शेजारी-शेजारी ठेवलीयत. एका टीव्हीच्या दोन आठवणी आणि दोन्ही खऱ्या, त्यातली आपल्याला सोयीची तेवढी ठेवायची नाही.

आता तारखा. माणसाला साल आठवत नाही, त्याला खुंटी द्यावी लागते. मी या खुंट्या वापरतो: वर्ल्ड कप फायनल 25 जून 1983, इंदिरा गांधी गेल्या 31 ऑक्टोबर 1984, रामायण 25 जानेवारी 1987 ते 31 जुलै 1988, महाभारत 2 ऑक्टोबर 1988 ते 24 जून 1990. "टीव्ही रामायणाच्या आधी आला का नंतर?" असं विचारलं की लगेच उत्तर येतं, आणि त्याला घरातलं काहीतरी जोडून घ्या, कुणाचं लग्न, कुणाचं बाळंतपण, कोण दहावीला होतं. कपाटाच्या तळाशी वॉरंटी कार्ड किंवा दुकानाचं बिल सापडलं तर सोनंच. टीव्ही-रेडिओला पोस्टात लायसन्सचे पैसे भरावे लागायचे, ते 1980च्या दशकाच्या मध्यात बंद झालं, त्या पुस्तिका काही घरांत अजून आहेत. आणि घरात कुणाचं माहेर विजापूरकडच्या खेड्यातलं असेल तर त्यांना त्याच्याही आधीचं विचारा, कारण 1 ऑगस्ट 1975 ते 31 जुलै 1976 असं एक वर्ष उपग्रहावरून खेड्यात टीव्ही दाखवायचा सरकारी प्रयोग झाला होता, सहा राज्यांतली 2400 गावं, आणि त्यात विजापूर जिल्हा होता. म्हणजे शहरातल्या कितीतरी घरांच्या आधी तिकडच्या शाळेपुढं टीव्ही पोचला होता!

पण आठवण फसवते, आणि टीव्हीच्या बाबतीत जरा जास्तच. 28 जानेवारी 1986 ला अमेरिकेत चॅलेंजर यान फुटलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी नायसर आणि हार्श या मानसशास्त्रज्ञांनी कॉलेजच्या पोरांकडून बातमी कुठं कशी कळली ते लिहून घेतलं आणि अडीच-तीन वर्षांनी त्याच पोरांना परत विचारलं. बऱ्याच जणांची उत्तरं बदलली होती, तरी ते अगदी छातीठोकपणे सांगत होते. आणि ज्यांनी आधी "मित्राने सांगितलं" असं काहीतरी लिहिलं होतं त्यातल्या काहींनी आता "पहिल्यांदा टीव्हीवरच बघितलं" असं सांगितलं. बघितलेली चित्रं एवढी पक्की बसतात की ऐकलेलं मागं पडतं.

आमच्या घरात हेच घडलं. धाकट्या काकांना 1983 च्या त्या फायनलमधला, कपिल देवनं मागं पळत जाऊन घेतलेला रिचर्ड्सचा कॅच स्वतः डोळ्यांनी लाइव्ह बघितल्याचं आठवतंय, शेजाऱ्यांच्या टीव्हीवर, मध्येच लाइट गेलेली ती पण आठवतेय. शेजाऱ्यांकडं टीव्ही आला 1985 ला, त्यांच्याकडं बिल आहे. काकांनी मॅच ऐकली रेडिओवर, आणि तो कॅच नंतर इतक्यांदा दाखवला की रेडिओ आठवणीतून निघून गेला. मी काय केलं, तर काकांना खोटं पाडलं नाही. एवढंच विचारलं, "तुमच्या शेजारी कोण बसलं होतं?" आणि ते दोन मिनिटं थांबून म्हणाले, "तात्या… ट्रान्झिस्टर तात्याच्या मांडीवर होता की रे." वहीत मी दोन्ही लिहिलंय. तसंच रामायणाचं. ते 28 मार्च 2020 पासून लॉकडाऊनमध्ये परत लागलं आणि घरोघरी बघितलं गेलं, त्यामुळे 1987 चं म्हणून जे सांगतात त्यात 2020 चं बरंच मिसळलेलं असतं. "तेव्हा शेजारी कोण होतं, खाली काय अंथरलं होतं" असं विचारलं की ते सुटं होतं.

म्हणूनच जुनं टायटल साँग मोबाइलवर आधी लावून दाखवू नका. आधी त्यांना आपापलं बोलू द्या, सगळं संपलं की मग लावा. गाणं लागलं की डोळे भरतात, खूप काही बाहेर येतं, पण ते कधीचं हे कळायला मार्ग राहत नाही. आणि दहा ते तीस या वयातलं माणसाला सगळ्यात जास्त आठवतं, त्यामुळे आज्जीकडून टीव्हीच्या आधीचा रेडिओ घ्या, आत्या-काकांकडून दूरदर्शन, आणि नव्वदीतलं केबल ताईकडून.

आता भाषा. आपल्या भागात खरी गोष्ट इथं आहे. पुण्यातल्या घरात "कुठल्या भाषेत बघायचा?" हा प्रश्न कुणी विचारणार नाही, आपल्यात तो प्रत्येक दशकासाठी वेगळा विचारावा लागतो. मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं पण ते इथं कुठं दिसणार, आज्जी म्हणते, "सगळं हिंदी न्हाईतर कानडी, मराठी आपलं पेपरात." मग केबल आली, 1994 ला कन्नड उदया टीव्ही, 1999 च्या 15 ऑगस्टला अल्फा मराठी (आताचं झी मराठी), 2000 ला ई टीव्हीचं मराठी आणि त्याच वर्षाच्या शेवटी कन्नड. आणि घराघरात रिमोटवरून भाषेची वाटणी झाली. आमच्यात संध्याकाळी सातला मराठी, नऊला कन्नड, आणि पोरांचं कार्टून हिंदीत. कोण कुणाला भाषांतर करून सांगायचं ते विचारा. आज्जीला बाजारातली कानडी येत होती, "एष्टु री?" (केवढ्याला?), "सुम्ने इरी" (गप्प बसा) एवढी, पण बेंगळुरूच्या मालिकेतली कानडी वेगळी, ती तिला समोरच्या कानडी काकू येऊन समजावायच्या. आणि त्या काकूंनाही ती सगळी पटायची नाही! त्या म्हणायच्या, आम्ही "हो" ला "हौद री" म्हणतो, हे लोक कसं बोलतात बघा.

त्यावर मी खूप विचार केला. बेळगावातून मुंबई साधारण पाचशे किलोमीटर आणि बेंगळुरूही साधारण तेवढंच. मराठी टीव्हीत आमच्यासारखं बोलणारं पात्र आलं की ते गावंढळ किंवा विनोदी, आणि काकू सांगतात की कन्नड टीव्हीत उत्तर कर्नाटकातलं बोलणाऱ्याचं पण तेच. एका गल्लीत दोन भाषांची दोन घरं, आणि दोघांचीही बोली टीव्हीवर हसण्यावारी नेलेली. आज्जी "मी जेवलो", "मी जातो" असंच म्हणायची, बायका आमच्यात तसंच बोलतात. आत्याही तसंच. ताई लहानपणी तसंच बोलायची, मग कधीतरी "मी जेवले", "मी जाते" झालं. कधीपासून, तर तिलाच विचारलं, म्हणाली, "सातवीत. मालिकेतल्या पोरी तसं बोलत होत्या आणि मला वाटलं आपलं चुकतंय." मला हे ऐकून वाईट वाटलं, अजून वाटतं. म्हणून कळकळीनं सांगतो, लिहून काढताना बोली अजिबात साफ करू नका. "न्हाई" ला "नाही" करू नका, मध्ये आलेला कानडी शब्द काढू नका, "करतंय-जातंय" तसंच राहू दे. कार्यक्रमाचं नाव चुकलं तर शोधता येईल, आज्जीचं वाक्य कुठं शोधणार?

बातम्यांचं जरा जपून. 1 नोव्हेंबर 1956 ला बेळगाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात, म्हणजे आताच्या कर्नाटकात गेलं, म्हणून दरवर्षी त्या दिवशी इथं एका घरात काळा दिवस असतो आणि शेजारी राज्योत्सव, आणि टीव्हीवाले दोन्हीकडचे येतात. यावर चारचौघांत विचारू नका, एकेकट्याला विचारा, आणि रेकॉर्डिंग कोण ऐकणार ते आधी सांगा. "तुमचं मत काय" यापेक्षा "त्या दिवशी तुम्ही कुठं होता आणि टीव्हीत काय दिसत होतं" असं विचारलेलं बरं. आईनं सांगितलेलं एक: मुंबईहून मामाचा घाबरून फोन आला, "बेळगाव पेटलंय म्हणे, घराबाहेर पडू नका," आणि आई त्यावेळी गणपत गल्लीत भाजी घेत होती, टायर जळत होते ते एका चौकात आणि तेच दृश्य दिवसभर फिरत होतं. पण तिनं पुढं हेही सांगितलं की संध्याकाळी घरी येऊन ते बघितल्यावर तिला खरंच भीती वाटली, आणि आता तो दिवस आठवला की तिला भाजी आठवत नाही, टायरच आठवतात.

एक कागद मात्र सगळ्यांनी आजच जपून ठेवा, केबलचं पॅकेज. 1 फेब्रुवारी 2019 पासून चॅनेल निवडून घ्यायचा नियम आला, सुरुवातीला पहिल्या शंभर चॅनेलला 130 रुपये अधिक टॅक्स आणि पैसे भरायच्या चॅनेलचं वेगळं, तेव्हा प्रत्येक घराला बसून ठरवावं लागलं की मराठी किती, कन्नड किती, कशाला पैसे द्यायचे. आमच्यात त्यावरून दोन दिवस वाद चालला. केबलवाल्याला द्यायला बाबांनी वहीच्या पानावर टिक करून दिलेली यादी माझ्याकडं आहे, आज्जीची कन्नड मालिका त्यात सगळ्यात वर आहे.

रेकॉर्डिंगचं तंत्र थोडक्यात. मोबाइल फ्लाइट मोडवर, पंखा बंद, एका वेळी अर्धा तास, त्याहून जास्त नको, म्हाताऱ्या माणसांना थकवा येतो. फाइलला तारीख आणि नातं द्या, आणि त्याच दिवशी दुसरीकडं कॉपी करा, माझा मोबाइल बंद पडला आणि धाकट्या काकांचं अँटेनावालं पूर्ण रेकॉर्डिंग गेलं, परत सांगितलं त्यांनी, पण पहिल्यासारखं नाही आलं. माग चालू असतील तर बंद करायला सांगू नका, तो आवाज असू दे.

आणि झाल्यावर ज्यांचं आहे त्यांना ऐकवा. मी आज्जीला हेडफोन लावून दिला. आधी म्हणाली, "ह्यो कुणाचा आवाज? असं बोलतो व्हय मी?" मग पदर तोंडाला लावून पूर्ण ऐकलं, खिडकीचा भाग आला तेव्हा हात वर केला. थांबवलं. म्हणाली, "तिच्या आईला मी एकदा आत बोलावलेलो, सीतेचं लग्न होतं त्या दिवशी. ती आली न्हाई. ते पण घाल त्यात." मी मोबाइल परत चालू केला.