एकाच आडनावाच्या ग्रंथांची आणि कागदपत्रांची संगती कशी लावावी

अभिलेखागारातल्या पेट्यांवर आणि ग्रंथालयातल्या पुस्तकांवर एकच आडनाव दिसले, की सारे एकाच घराण्याचे, किंबहुना एकाच व्यक्तीचे असावे असे वाटू लागते. आडनावावरून शोधाला सुरुवात करावी, मात्र त्याला पुरावा मानू नये.

प्रथम माणसे वेगळी करावीत. प्रत्येकासाठी स्वतंत्र कागद घेऊन त्यावर पूर्ण नाव, जन्ममृत्यूची वर्षे, वास्तव्याची गावे, व्यवसाय आणि नावाची सर्व रूपे लिहावीत. स्वित्झर्लंडमधील बासल येथील बर्नुली या गणितज्ञांच्या घराण्यात तर याशिवाय पाऊलही पुढे टाकता येत नाही. त्यांच्यातला याकोब लॅटिनमध्ये याकोबुस, फ्रेंचमध्ये जाक आणि इंग्रजीत जेम्स होतो. योहान तर ओळीने तीन झाले: पहिला १६६७ ते १७४८, त्याचा मुलगा १७१० ते १७९० आणि नातू १७४४ ते १८०७.

समजा, ‘योहान बर्नुली’ अशी सही असलेले पत्र हाती आले. ते १७०५ सालचे असेल, तर या तिघांपैकी पहिल्याचेच. पण १७४६ सालचे असेल, तर नातू दोन वर्षांचा असला तरी वडील आणि मुलगा दोघेही हयात, आणि दोघेही बासलमध्येच. अशा वेळी ज्याचा लेखक निश्चित आहे अशा पत्राशी हस्ताक्षर ताडून पाहावे, पत्र कोणाला लिहिले आहे आणि त्यात कोणाचा उल्लेख वडील किंवा मुलगा म्हणून आला आहे हे बारकाईने वाचावे. तरीही उलगडा झाला नाही, तर नोंदीत दोन्ही नावे प्रश्नचिन्हासह ठेवावीत, कारण ठामपणे लिहिलेली चूक पुढचे अभ्यासक तशीच उतरवून घेतात.

त्यानंतर ग्रंथांकडे वळावे आणि मुखपृष्ठावर न थांबता प्रस्तावना वाचावी. याकोब १७०५ साली वारला. त्याचा संभाव्यतेवरील ग्रंथ १७१३ साली, पुतण्या निकोलाउस याच्या प्रास्ताविकासह छापला गेला. इंग्रज जीवशास्त्रज्ञ टॉमस हेन्री हक्सली यांची ‘रॅटलस्नेक’ जहाजावरील रोजनिशी १९३५ साली त्यांचे नातू जूलियन यांनी संपादित केली. तिच्या नोंदीत लेखक हक्सली आणि संपादकही हक्सली. कागदपत्रे मात्र एका छताखाली नाहीत: आजोबांची लंडनच्या इंपीरियल कॉलेजात, तर जूलियन यांची अमेरिकेत ह्यूस्टनच्या राइस विद्यापीठात.

आडनावाबाहेरही शोध घ्यावा लागतो. पाठवलेली पत्रे बहुधा ज्यांना लिहिली त्यांच्या दप्तरात, म्हणजे दुसऱ्याच आडनावाखाली असतात. विवाहानंतर आडनाव बदललेल्या मुलीबहिणींकडे गेलेले कागद तर हमखास नजरेतून सुटतात, म्हणून त्यांची दोन्ही आडनावे सुरुवातीच्या कागदावरच लिहून ठेवावीत.

जोडणी करताना मूळ कागदांचा क्रम कधीही बदलू नये. कोणाच्या संग्रहातून ते आले हीच त्यांची मोठी ओळख असते. आपल्या वहीत प्रत्येक कागदापुढे संस्था, संग्रह, पेटी आणि फाइल यांचे क्रमांक, तारीख, व्यक्तीचे नाव आणि तिला ओळखण्याचा आधार लिहावा. ग्रंथाशी संबंध आढळल्यास त्याचे पृष्ठ शेजारी नोंदवावे.