कॉटन ग्रीन स्थानक आणि कापसाच्या खुणा पाहायच्या तर

मुंबईत सीएसएमटीवरून हार्बर मार्गाचीच लोकल गाडी धरा. पनवेल असो वा गोरेगाव, दोन्ही चालतात, कारण फाटा पुढे वडाळ्याला फुटतो. मुख्य मार्गावरची धीमी गाडीही मशीद, सँडहर्स्ट रोड घेते, पण तिथून भायखळ्याला वळते. चूक इथेच होते. मशीद धरून मोजलं तर पाचवं स्थानक आपलं. दादरहून निघालात तर कुर्ल्याला गाडी बदला. रविवार टाळा: बहुधा मेगाब्लॉक (दुरुस्तीसाठी गाड्या बंद) असतो आणि कापूस बाजारही बंद.

नावातल्या 'ग्रीन'चा अर्थ रंग नव्हे, मोकळं मैदान. जुन्या मुंबईत कोटातल्या मैदानावर कापसाच्या गाठी रचल्या जात. १८४४ मध्ये हा बाजार कुलाब्याला गेला, पुढे शिवडीच्या बाजूला आला. नाव मात्र सोबत आलं. कुर्ला ते रे रोड ही बंदराची (हार्बर) लाईन १९१० ची, विजेच्या गाड्या १९२५ पासून.

पूर्वेला उतरा. समोरच कॉटन एक्स्चेंजची, म्हणजे कापूस बाजाराची, इमारत आहे. ती आधी नीट, सावकाश पाहा, मगच गोदामांकडे वळा. पश्चिमेला काळाचौकी, अभ्युदयनगर. तिकडे उतरलात तर हे काहीच दिसणार नाही. गोदामांच्या आवारात पहारेकऱ्याला विचारल्याशिवाय शिरू नका.

कापसाचा भावफलक वाचता यावा म्हणून: गाठ साधारण १७० किलोची, भाव मात्र खंडीचा, म्हणजे सुमारे ३५६ किलोचा. दोन गाठी म्हणजे एक खंडी असं धरलंत तर हिशेब चुकतो.