रस्ते अपघातातील मृत्यूनंतर नुकसानभरपाईचा दावा कसा करावा

घरातले माणूस रस्त्यावर दगावल्यानंतर पहिले काही दिवस कोणालाही कागदपत्रांचे सुचत नाही, आणि सुचावे अशी अपेक्षाही करवत नाही. तरीही मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढील दावा ज्या कागदांवर उभा राहतो, त्यांतले बरेचसे याच दिवसांत तयार होत असतात. म्हणून तेरावे होण्याची वाट न पाहता जवळच्या एखाद्या नातेवाइकाने हे काम अंगावर घ्यावे.

पोलीस ठाण्यातून फिर्यादीची प्रत, घटनास्थळाचा पंचनामा, इन्क्वेस्ट पंचनामा (मृतदेहाच्या पाहणीचा) आणि शवविच्छेदन अहवाल मिळवावा. धडक देणाऱ्या वाहनाचा क्रमांक फिर्यादीत बरोबर नोंदला आहे का, हे स्वतः वाचून पाहावे. त्या वाहनाची नोंदणी, विमा पॉलिसी आणि चालकाचा परवाना यांच्या प्रतीही लागतात. सध्याच्या नियमांनुसार तपास अधिकाऱ्याने ४८ तासांत पहिला आणि ९० दिवसांत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणाला द्यावयाचा असतो. तो गेला की नाही याची चौकशी करण्याचा कुटुंबाला पूर्ण अधिकार आहे.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खालील अर्ज पत्नी किंवा पती, मुले, आई-वडील असे कायदेशीर वारस करू शकतात. अपघात जेथे झाला, वारस जेथे राहतात किंवा प्रतिवादी जेथे राहतो, यांपैकी कोणत्याही ठिकाणच्या न्यायाधिकरणात तो चालतो. म्हणजे पुण्याजवळ अपघात झाला तरी लातूरच्या कुटुंबाने पुण्याला खेटे घालण्याचे कारण नाही. १ एप्रिल २०२२ पासून अर्जाला अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांची मुदत आहे. या अटीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले असल्यामुळे मुदत उलटलेल्यांनी आशा सोडू नये, वकिलांचा सल्ला घ्यावा. परंतु ज्यांच्या हाती अजून वेळ आहे त्यांनी ती मुदत पक्की समजूनच चालावे.

भरपाई किती मिळेल हे सर्वांत जास्त ठरते ते मृताच्या उत्पन्नाच्या पुराव्यावर, आणि नेमके येथेच शेतकरी, मजूर, टपरीवाले, रिक्षाचालक यांची कुटुंबे कमी पडतात. समजा, ३२ वर्षांचा टेम्पोचालक स्वतःच्या व्यवसायातून महिन्याला १५,००० रुपये मिळवत होता. सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये घालून दिलेल्या सूत्रानुसार, चाळिशीच्या आतील स्वयंरोजगार करणाऱ्याच्या उत्पन्नात भावी वाढीपोटी ४० टक्के मिळवले जातात, म्हणजे २१,००० रुपये झाले. पत्नी, दोन मुले आणि आई असे चार जण अवलंबून असल्याने त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी एकचतुर्थांश रक्कम वजा होते, उरतात १५,७५०. याला वर्षाच्या १२ महिन्यांनी आणि त्या वयासाठी ठरलेल्या १६ या गुणकाने गुणले की ३०,२४,००० रुपये होतात. त्याखेरीज सहवासाची हानी, अंत्यविधीचा खर्च इत्यादी ठरावीक रकमा आणि व्याज मिळते. आता हाच माणूस पुराव्याअभावी महिना ८,००० रुपये मिळवणारा धरला गेला, तर तोच हिशेब १६,१२,८०० वर येतो. कागद नाहीत एवढ्याच कारणाने कुटुंबाचे चौदा लाख जातात, ही गोष्ट मला फार टोचते. त्यामुळे पगारपत्रक किंवा आयकर विवरणपत्र नसेल, तर बँक पासबुक, मोबाइलवरून आलेल्या पैशांच्या नोंदी, सातबारा, दूध डेअरीची किंवा साखर कारखान्याची बिले, कर्जाचे हप्ते, ज्यांच्याकडे काम केले त्यांची साक्ष, असे जे काही असेल ते शोधावे. गृहिणीच्या श्रमालाही न्यायालये उत्पन्न धरतात. ती ‘काही कमवत नव्हती’ असे अर्जात लिहू देऊ नये.

चूक कोणाची हे सिद्ध न करता कलम १६४ खाली ५ लाख रुपये मिळू शकतात, मात्र ती रक्कम स्वीकारली की न्यायाधिकरणापुढील मोठा दावा संपुष्टात येतो. कमावता माणूस गेलेला असेल तर सही करण्यापूर्वी वरचा हिशेब मांडून पाहावा. धडक देऊन पळालेले वाहन सापडलेच नाही, तर २ लाख रुपयांच्या शासकीय योजनेसाठी त्या भागातील दावा चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदार यांच्याकडे, अर्ज करावा लागतो.

रुग्णालयाच्या दारात भेटून ‘सगळे आम्ही बघतो’ म्हणणाऱ्या दलालाच्या हाती मूळ कागद देऊ नयेत, आणि कोऱ्या वकीलपत्रावर किंवा धनादेशावर सही करू नये. निकालाच्या रकमेत टक्केवारीने फी ठरवणे वकिलांच्या आचारसंहितेत बसत नाही. स्त्रियांना आणि मुलांना उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. त्याचे कार्यालय साधारणपणे जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते.

लोकअदालतीत तडजोड झाल्यास पैसे लवकर हाती येतात, पण विमा कंपनीचा पहिला आकडा वरच्या हिशेबाशी ताडून पाहिल्याशिवाय मान्य करू नये, कारण तडजोडीनंतर सहसा अपील करता येत नाही. न्यायाधिकरणाचा निकाल अपुरा वाटल्यास मात्र ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. अज्ञान मुलांचा वाटा बहुधा ती सज्ञान होईपर्यंत बँकेत मुदत ठेवीत ठेवला जातो. शिक्षण किंवा आजारपण यांसाठी त्यातील रक्कम लागली, तर आईने त्याच न्यायाधिकरणाकडे कारण आणि खर्चाचे पुरावे जोडून अर्ज करावा.