वाळूच्या पिशव्या आधी, टनेल नंतर

कुत्र्याला ॲजिलिटीचा, म्हणजे अडथळ्यांच्या शर्यतीतला, कापडी टनेल शिकवायचा ठरला असेल तर खरेदी वाळूपासून सुरू करा. मागच्या वेळी माझ्याकडे सगळं होतं, वाळू सोडून. आमची कुत्री आत वळणावर पोचली आणि टनेल तिच्यासकट गडगडला. पुढे कितीतरी दिवस टनेलची नुसती घडी दिसली तरी ती गाडीखाली जाऊन बसायची.

टनेल एफसीआयच्या (आंतरराष्ट्रीय श्वान महासंघाच्या) मापाचा घ्या, व्यास ६० सेंटीमीटर, लांबी ३ ते ६ मीटर. लहान मुलांचा खेळण्यातला टनेल पिल्लाला चालेल, लॅब्रॅडॉरला नाही. खाऊ, आवडतं खेळणं, पाणी हे सांगायला नकोच. हार्नेस मात्र काढून ठेवा, आतल्या तारेच्या कड्यांत अडकतो.

आता पिशव्या. कुत्रा वेगात वळतो तेव्हा बाहेरच्या भिंतीवर पाय देतो, त्यामुळे मोकळा टनेल सरकतो किंवा लोळतो. म्हणून दोन्ही तोंडांशी आणि प्रत्येक वळणावर दोन्ही बाजूंनी पिशव्या हव्यात. जोड्या पट्ट्याने बांधून टनेलवरून टाकल्या तर उत्तम, पण पट्टा इतका आवळू नका की छत खाली येईल. विटा ठेवल्या तर चालतील का, असं विचारू नका. धावणाऱ्या पायाला वीट कापडाआडूनही लागते. पाण्याच्या बाटल्याही नकोत, त्या गोल असतात, स्वतःच घरंगळतात. वाळूच भरा आणि पिशव्यांची तोंडं नीट शिवा.

जागा सपाट आणि हिरवळीची, वेळ सकाळची. उन्हात टनेल आतून भट्टीसारखा तापतो. पावसात तळ निसरडा होतो, तेव्हा पुसून घ्या. रात्रभर बाहेर पडून राहिला असेल तर आधी आत टॉर्च मारा. विंचवाला अशी जागा फार आवडते.

पहिल्या दिवशी टनेल दाबून मीटरभराचा करा. पिशव्या लावा, हो, एवढ्याशा टनेललाही. एकाने कुत्र्याला एका तोंडाशी धरायचं, दुसऱ्या तोंडाशी तुम्ही उकिडवे बसायचं, आरपार नजरानजर झाली की हाक मारायची. खाऊ बाहेर आल्यावर, तोंडापासून दोन पावलं पुढे द्या. तोंडातच दिलात तर तो तिथेच थांबायला शिकतो. आत जात नसेल तर ढकलू नका, ओढू तर मुळीच नका. घरातल्या मोठ्यांना हे आधीच सांगून ठेवा, कारण 'जा रे, काही होत नाही' म्हणत मागून ढकलणारे काका प्रत्येक घरात असतात.

सरळ टनेल पूर्ण लांबीचा झाला की मगच वळण, तेही हळूहळू. पुढचं तोंड दिसेनासं झालं की कुत्रा बिचकतो. बिचकला तर पुन्हा सरळ करा. वळण बदललं की पिशव्याही हलवा. हलवल्यात ना? टनेलला गुडघ्याने ढकलून बघा. 'टनेल' हा हुकमाचा शब्द शिकवायचा तो कुत्रा स्वतःहून आत शिरायला लागल्यावर, आधी नाही.

पुढचं थोडक्यात. दोन्ही बाजूंनी सोबत धावा, मग लांबून पाठवा, मग ए-फ्रेमखालचा (दोन उतरत्या फळ्यांच्या अडथळ्याखालचा) टनेल. स्पर्धेत चुकीच्या तोंडातून शिरला तर बाद, म्हणून दोन्ही तोंडं ओळखायला शिकवा. पिल्लालाही टनेल चालतो, उड्या नकोत. एफसीआयच्या स्पर्धेला तसंही १८ महिने पूर्ण लागतात. लसीकरणाचं कार्ड घ्या. सावलीला छत्री.