सोलर पंप आणि बायका या विषयावर डॉक्युमेंटरी करायचीय? आधी सातबारा बघा

महिला सक्षमीकरण आणि सौरऊर्जा असा विषय डोक्यात आहे, सुरुवात कुठून करू, असं नवीन मुलंमुली बऱ्याचदा विचारतात. मी सांगते, कॅमेरा गाडीतच राहू द्या, आधी गावात बसा आणि विचारा की पंप कुणाच्या नावावर आहे.

आपल्याकडे शेतीची थ्री फेज लाईट पाळीने यायची, कधी दिवसा कधी रात्री, त्यामुळे रात्रीचं दारं धरायला, म्हणजे पिकाला पाणी द्यायला, बहुतेक पुरुषच जायचे. सोलर आला की पाणी दिवसा मिळतं आणि मग ते काम हळूहळू घरातल्या बाईकडे सरकतं. तिचं नुसतं काम वाढलं का हक्कही वाढला, हे तुमच्या फिल्मने विचारायलाच हवं. आम्ही शूट केलं त्या घरात सरकारी योजनेतल्या पंपाच्या किमतीतला शेतकऱ्याचा १० टक्के हिस्सा (अनुसूचित जाती-जमातींना ५) ताईंनी बचत गटातून कर्ज काढून भरलेला, अर्ज मात्र नवऱ्याच्या नावाने, कारण सातबारा त्याचा. गटाचं पासबुक आणि सातबारा चटईवर शेजारी शेजारी ठेवले आणि मला माझी फिल्म तिथेच दिसली. १९८६ च्या चांदवडच्या महिला अधिवेशनानंतर शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची मोहीम काढली होती, बायकोच्या नावावर जमीन करा म्हणून, ते जरूर वाचा, त्याशिवाय हा विषय नुसता सोलर पॅनलचा राहतो.

मुलाखतीचं म्हणाल तर खुर्चीत बसवून "आता कसं वाटतं" अजिबात विचारू नका, बाई मीटिंगमधलं पाठ वाक्य बोलते आणि बाकीचं नवरा किंवा सासरे बोलतात. ती सकाळी ओलं फडकं घेऊन पॅनलवरची धूळ पुसते, कंट्रोलर चालू करते, मग वाफ्यात पाणी वळवते, तेव्हा सोबत चालत बोला, फार खरं बोलतात. लेपल माईक (कपड्याला अडकवायचा छोटा माईक) लावायला टीममध्ये एक मुलगी हवीच, आणि माईक पदराखाली घासत नाही ना हे हेडफोन लावून तपासा. पॅनल दुपारी नुसते चमकतात, लेन्सला पोलरायझर (चमक कमी करणारा फिल्टर) लावा नाहीतर सकाळी लवकर उरका. घरातले स्वस्त एलईडी फ्लिकर मारतात, म्हणजे व्हिडिओत लुकलुकतात, कॅमेऱ्याचं शटर १/५० ठेवून बघा.

संमतीपत्र मराठीत आणि मोठ्याने वाचून दाखवून घ्या. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जोडणी, आधी त्यांना दाखवा, आमच्या ताईंनी कर्जाचा आकडा झाकायला सांगितला, आम्ही झाकला, कर्जाची नोंद मात्र फिल्ममध्ये तशीच ठेवली.

शिकायला पुण्यात एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटचे शॉर्ट कोर्स आहेत. मुंबईत १९९० पासून मिफ हा डॉक्युमेंटऱ्यांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव होतो, दर दोन वर्षांनी, पहिल्या वेळी फिल्म नसली तरी नुसतं बघायला जा आणि सकाळपासून रात्रीपर्यंत डॉक्युमेंटऱ्या बघा.