कचरा, आजार आणि भय: वाचनकट्ट्यासाठी सहा बैठकांची आखणी

सहा बैठका, दर पंधरवड्याला एक, प्रत्येक दीड तासाची. माणसं आठ ते दहा असावीत. बाराच्या वर गेली की तिघंचौघं बोलतात आणि बाकीचे ऐकून घरी जातात. एका बैठकीसाठी साठ ते ऐंशी पानं ठेवा; शेवटच्या बैठकीला मात्र जास्त लागतात. पहिल्या दोन बैठका कचऱ्याच्या, मधल्या दोन दुर्धर आजाराच्या, शेवटच्या दोन गॉथिक कादंबरीच्या, म्हणजे जुनी वास्तू आणि लपवलेला भूतकाळ यांतून भय उभं करणाऱ्या कादंबरीच्या. हा क्रम बदलू नका.

भयकथेनं सुरुवात केली की लोक जमतात, म्हणून ती आधी घेण्याचा मोह होतो. पण मग वाचणाऱ्याला 'पुढे काय?' याची चटक लागते, आणि आजारावरची पानंही तो कोण जगलं, कोण गेलं एवढ्यासाठीच उलटतो. कचऱ्याबद्दल मात्र प्रत्येकाकडे सांगण्यासारखं असतं आणि त्यात कुणाचं खाजगी दुःख उघडं पडत नाही. अनोळखी माणसं या विषयावर लवकर मोकळी होतात.

कचरा

पहिल्या बैठकीला चार्ल्स डिकन्सची 'अवर म्युच्युअल फ्रेंड' (1864–65) घ्या, पण पूर्ण नको. ती आठशे पानांच्या घरात जाते आणि अख्खी वाचायला दिली तर दुसऱ्या बैठकीला निम्मी माणसं येत नाहीत. पहिल्या खंडातलं 1, 2 आणि 5 ही प्रकरणं पुरतात. पहिल्यात थेम्स नदीवर बापलेकीची होडी आहे. मुलगी वल्ही मारते आणि बाप पाण्यातली प्रेतं ओढून काढतो. दुसऱ्यात एका श्रीमंताच्या घरच्या मेजवानीत, कचऱ्याच्या ठेक्यावर गडगंज झालेल्या म्हाताऱ्याच्या वारशाची गोष्ट निघते. पाचव्यात ते ढिगारे प्रत्यक्ष दिसतात.

इथे एक शब्द हमखास फसवतो. मूळ इंग्रजीतला 'डस्ट' म्हणजे आपली धूळ नव्हे. त्या काळच्या लंडनमध्ये घरोघरी कोळसा जळायचा, आणि कचऱ्यात मुख्यतः त्याची राख असायची. ती चाळून बारीक राख वीटभट्टीला विकली जाई. हे आधी सांगितलं नाही, तर धुळीच्या ढिगाची कुणी एवढी किंमत का करेल, याच कोड्यात लोक अडकतात.

दुसऱ्या बैठकीला कॅथरीन बू यांचं 'बिहाइंड द ब्यूटिफुल फॉरएव्हर्स' (2012). मुंबई विमानतळाशेजारच्या अण्णावाडी या वस्तीत 2007 ते 2011 या काळात राबून केलेलं हे वार्तांकन आहे. कादंबरीसारखं वाचलं जातं, म्हणून ते काल्पनिक नाही हे सुरुवातीलाच स्पष्ट करा. भंगार विकत घेऊन त्याची वर्गवारी करणाऱ्या मुलाचा भाग आणि 2008 च्या जागतिक मंदीनंतर भंगाराचे भाव कोसळल्याचा भाग, हे दोन्ही घ्याच. दूरच्या बाजारातली पडझड एका पोत्याच्या भावात कशी उतरते, हे इतकं नेमकं फार कमी ठिकाणी लिहिलेलं आहे.

या बैठकीआधी प्रत्येकानं सात दिवस घरचा कचरा तोलून लिहावा. स्प्रिंगचा साधा काटा पुरतो. ओला वेगळा, सुका वेगळा, आणि सुया, मुदत संपलेली औषधं, बॅटऱ्या, बल्ब यांची तिसरी पिशवी. ओला कचरा चाळणीत निथळून मगच तोला, नाहीतर पाण्याचंच वजन धरलं जातं. रोज एकाच वेळी तोला. त्याच आठवड्यात जवळच्या भंगारवाल्याकडे रद्दी, पत्रा आणि प्लॅस्टिकचा भाव विचारून या. पुस्तकातल्या मुलाचे हात काय वेगाने काय काय ओळखत होते, ते त्यानंतर कळतं.

तिसरी पिशवी पुढच्या विषयाचं दार आहे. इन्सुलिनच्या सुया, रिकाम्या गोळ्यांची पाकिटं, पट्ट्या: आजारी माणसाच्या घरचा कचरा वेगळा असतो, आणि तो उचलणाऱ्याला सुई टोचू शकते. सुया पिशवीत सुट्या न टाकता जाड प्लॅस्टिकच्या, झाकण घट्ट बसणाऱ्या डब्यात साठवाव्यात आणि डबा बंद करून, त्यावर लिहून, वेगळा द्यावा.

दुर्धर आजार

तिसऱ्या बैठकीची सूचना एक आठवडा आधी सगळ्यांना वैयक्तिकपणे पाठवा: विषय असा आहे, न येणाऱ्याला कारण विचारलं जाणार नाही. गटात कुणाच्या ना कुणाच्या घरी रुग्ण असतो. 'तुमच्याकडे कोण आजारी आहे?' हा प्रश्न बैठकीत कधीच विचारायचा नाही. कुणी आपणहून बोललं तर ऐकायचं. कुणी काढा, पथ्य किंवा ओळखीतला वैद्य सुचवायला लागलं, तर तिथेच थांबवायचं आणि पुन्हा पानाकडे यायचं. आजारावरच्या चर्चा सर्वांत जास्त याच वळणावर बिघडतात, आणि सुचवणाऱ्याचा हेतू चांगला असतो म्हणून त्याला अडवायला सगळे कचरतात.

पुस्तक: टॉलस्टॉयची 'इव्हान इलिचचा मृत्यू' (1886). एवढीशी कादंबरिका, पूर्ण वाचा. पहिल्याच प्रकरणात इव्हान गेल्याची बातमी येते, आणि सहकाऱ्यांच्या मनात आधी विचार येतो तो रिकाम्या झालेल्या जागेचा आणि बढत्यांचा. शेवट आधीच माहीत असल्यामुळे वाचणाऱ्याचं लक्ष 'काय होणार' यावरून 'कसं होतं' याकडे वळतं. चौथ्या प्रकरणातली डॉक्टरची भेट मोठ्यानं वाचा. रुग्णाला एकच गोष्ट जाणून घ्यायची असते, हे गंभीर आहे का. आणि डॉक्टर मूत्रपिंड की अपेंडिक्स या वादात रमलेला असतो. मग सातव्या प्रकरणातला गेरासिम हा नोकर, जो न लाजता, न खोटं बोलता, मालकाला आराम पडावा म्हणून त्याचे पाय उचलून धरून बसतो. इव्हानला नक्की कोणता आजार होता, यावर वेळ घालवू नका. लेखकानं ते मुद्दाम मोघम ठेवलं आहे.

चौथ्या बैठकीला पद्मजा फाटक यांचं 'हसरी किडनी'. टॉलस्टॉयनं मरणारा माणूस कल्पनेतून उभा केला. इथे मूत्रपिंडाच्या आजारातून आणि प्रत्यारोपणातून गेलेली लेखिका स्वतः बोलते, आणि मराठीत बोलते. प्रत्येकानं एक परिच्छेद निवडून आणावा आणि त्यात कोण बोलतंय, रुग्ण की लेखिका, ते दाखवावं. प्रश्न दिसतो त्यापेक्षा अवघड आहे.

याच बैठकीला एक कान तयार करायचा आहे. अमेरिकन लेखिका सुझन सॉन्टॅग यांनी 1978 मध्ये 'इलनेस अॅज मेटॅफर'मध्ये क्षय आणि कर्करोगाला चिकटवलेल्या रूपकांवर नेमकं बोट ठेवलं. आपणही 'भ्रष्टाचाराचा कॅन्सर' सहज म्हणतो. गटातल्या बोलण्यात असं काही आलं की कुणाचा दोष न काढता फळ्यावर लिहून ठेवा आणि शेवटी एकत्र वाचा. ज्यांच्या घरी तो आजार आहे, त्यांना ते शब्द कसे ऐकू येतात, हे वेगळं सांगावं लागत नाही.

गॉथिक

मराठी वाचकाकडे नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांच्या भयकथांची सवय आहे. ती उपयोगी पडते, पण एक फरक सांगा: गॉथिकमध्ये भूत असलंच पाहिजे असं नाही. जुनी वास्तू, वारसा, लपवलेला भूतकाळ आणि अडकलेलं माणूस हे हवं. कुलूपबंद खोली आणि भाऊबंदकी असलेला वाडा डोळ्यांसमोर आणला की निम्मं समजावणं वाचतं.

पाचवी बैठक मेरी शेलींची 'फ्रँकेन्स्टाइन'. पहिली आवृत्ती 1818 ची, तीन खंडांत. 1831 ची सुधारलेली, सलग 24 प्रकरणांची. दोघांच्या हातात वेगवेगळ्या आवृत्त्या असतील तर पान सापडत नाही आणि पंधरा मिनिटं तिथेच जातात. 1831 ची ठरवा. सुरुवातीची चार पत्रं अनेकांना कंटाळवाणी वाटतात आणि पुस्तक तिथेच मिटतं, म्हणून ती बैठकीतच वाटून वाचा. घरी 4, 5 आणि 10 ते 16 ही प्रकरणं. चौथ्यात, जीव घडवू पाहणारा व्हिक्टर फ्रँकेन्स्टाइन शवविच्छेदनाच्या खोलीतून आणि कत्तलखान्यातून साहित्य गोळा करतो. टाकलेल्या अवयवांतून घडवलेला आणि घडवणाऱ्यानंच टाकून दिलेला तो जीव, कचऱ्याच्या बैठका झालेल्या गटाला वेगळाच दिसतो.

सहावी बैठक ब्रॅम स्टोकरची 'ड्रॅक्युला' (1897), 1 ते 4 आणि 8 ते 12 ही प्रकरणं. मराठी अनुवाद घ्यायचा असेल तर विकत घेण्याआधी प्रकरणं मोजा. मूळ पुस्तकात 27 आहेत. कमी भरली तर तो संक्षेप असण्याची शक्यता मोठी, आणि संक्षेपात सर्वांत आधी गळते ती ड्रॅक्युलाची शिकार झालेल्या ल्यूसी या तरुणीच्या आजाराची रोजची नोंद. आपल्याला तीच हवी आहे. मूळ इंग्रजी प्रोजेक्ट गुटेनबर्ग या संकेतस्थळावर मोफत मिळतं.

ल्यूसीला चार पुरुषांचं रक्त दिलं जातं, एकाचंही जुळतं का हे न बघता. कार्ल लँडस्टायनरचा रक्तगटांचा शोध कादंबरीनंतर तीनचार वर्षांनी आला, हे आठवून वाचा. पण बैठकीचा मुख्य वेळ ल्यूसीच्या आईसाठी राखून ठेवा. आईचं हृदय कमकुवत, म्हणून तिच्यापासून सगळं लपवलेलं. डॉक्टर व्हॅन हेल्सिंग रक्तपिपासू ड्रॅक्युलाला रोखण्यासाठी ल्यूसीच्या खोलीत लसणाची फुलं ठेवतो, खिडक्या बंद करतो, कारण सांगत नाही. रात्री आई मायेनं डोकावते, उग्र वास येतो म्हणून फुलं काढून टाकते आणि खिडकी उघडते.

हा उतारा एकानं वाचावा, मग दोन मिनिटं कुणी बोलू नये. त्यानंतर विचारायचा प्रश्न एकच: आईला कुणी, केव्हा, किती सांगायला हवं होतं? त्यासाठी निदान चाळीस मिनिटं हाताशी ठेवा.