एका बसपासून सुरुवात: अमेरिकेतील वर्णभेदविरोधी लढ्याची पुस्तके कशी वाचावीत

अमेरिकेतील काळ्या लोकांनी वर्णभेदाविरुद्ध दिलेल्या लढ्यावर इतकी पुस्तके आहेत की हा विषय मुळापासून समजून घेऊ पाहणारा वाचक सहसा सर्वांत जाडजूड ग्रंथापासून सुरुवात करतो आणि शंभरेक पानांनंतर नावांच्या गर्दीत हरवून पुस्तक मिटतो. टेलर ब्रँच यांची मार्टिन ल्यूथर किंग यांच्या काळावरील त्रिखंडी कृती मोलाची आहे, पण पहिले पुस्तक म्हणून ती हाती घेऊ नये. माझी सूचना अशी आहे की सारा देश आणि सारे शतक एकदम कवेत घेण्याऐवजी एक शहर, एक बस आणि एक वर्ष निवडावे, त्याविषयीची तीनचार पुस्तके एकमेकांशेजारी ठेवून वाचावीत आणि मगच बाहेर पडावे.

त्यासाठी अलाबामा राज्यातील माँटगोमेरी हे शहर सर्वांत योग्य आहे. १ डिसेंबर १९५५ रोजी, गुरुवारी संध्याकाळी, रोझा पार्क्स यांनी गोऱ्या प्रवाशासाठी जागा सोडण्यास नकार दिला, त्यांना अटक झाली आणि शहरातील काळ्या नागरिकांनी ३८१ दिवस बसवर बहिष्कार टाकला, एवढे बहुतेकांना ठाऊक असते. याच ठाऊक असलेल्या गोष्टीपासून सुरुवात करायची, कारण चांगली पुस्तके ही गोष्ट कशी बदलून टाकतात हे त्यामुळे लगेच कळते.

पहिले पुस्तक जो अ‍ॅन रॉबिन्सन यांचे घ्यावे: 'द माँटगोमेरी बस बॉयकॉट अँड द विमेन हू स्टार्टेड इट', प्रकाशन १९८७. रॉबिन्सन अलाबामा स्टेट कॉलेजात इंग्रजीच्या प्राध्यापिका होत्या आणि विमेन्स पॉलिटिकल कौन्सिल या काळ्या स्त्रियांच्या संघटनेच्या अध्यक्षा होत्या. १९४९ साली जवळजवळ रिकाम्या बसमध्ये गोऱ्यांसाठी राखलेल्या पुढच्या भागात बसल्याबद्दल चालक त्यांच्या अंगावर ओरडून धावून आला होता आणि त्या रडत खाली उतरल्या होत्या. पार्क्स यांच्या अटकेची बातमी कळताच त्या रात्रीच कॉलेजात गेल्या आणि एक सहकारी व दोन विद्यार्थी यांना सोबत घेऊन पहाटेपर्यंत सायक्लोस्टाइल यंत्रावर बहिष्काराची पत्रके काढत राहिल्या. कागदाची बचत व्हावी म्हणून एकाच पानावर तोच मजकूर तीनदा छापायचा आणि नंतर पान कापायचे, अशी त्यांची रीत होती. कॉलेज राज्य सरकारच्या पैशावर चालणारे होते, त्यामुळे हे उघड झाले असते तर नोकरी तर गेलीच असती, शिवाय कॉलेजही अडचणीत आले असते. ही पाने सावकाश वाचावीत. बहिष्काराच्या पहिल्या दिवशी, सोमवारी सकाळी, बस रिकाम्या धावल्या, त्यामागे कोणते हात होते हे तिथे स्पष्ट दिसते.

त्यानंतर बहिष्काराचे नेतृत्व करणाऱ्या किंग यांचे 'स्ट्राइड टोवर्ड फ्रीडम' वाचावे. ते १९५८ सालचे, म्हणजे विजय ताजा असतानाचे आहे, आणि बहिष्कार सुरू झाला तेव्हा किंग अवघे २६ वर्षांचे होते हे लक्षात ठेवून ते वाचावे. पुढे रोझा पार्क्स यांच्याविषयी जीन थिओहॅरिस यांनी २०१३ साली लिहिलेले चरित्र 'द रिबेलियस लाइफ ऑफ मिसेस रोझा पार्क्स' घ्यावे. दिवसभराच्या शिवणकामाने थकलेली एक साधी बाई सहज बसून राहिली, ही आपल्या पाठ्यपुस्तकांपर्यंत पोचलेली समजूत या चरित्रात टिकत नाही. पार्क्स १९४३ पासून काळ्या लोकांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संघटनेच्या स्थानिक शाखेच्या चिटणीस होत्या, अटकेपूर्वीच्या उन्हाळ्यात त्यांनी टेनेसीतील हायलँडर या केंद्रात कार्यकर्त्यांचे प्रशिक्षण घेतले होते आणि बहिष्कारानंतर काम व सुरक्षितता दोन्ही गमावल्यामुळे १९५७ साली त्यांना कुटुंबासह डेट्रॉइटला जावे लागले. चौथे पुस्तक फिलिप हूज यांचे 'क्लॉडेट कॉल्विन: ट्वाइस टोवर्ड जस्टिस'. कॉल्विन १५ वर्षांच्या असताना, पार्क्स यांच्या नऊ महिने आधी, त्याच शहरात त्याच कारणासाठी पकडल्या गेल्या होत्या. ज्या खटल्यामुळे १९५६ साली माँटगोमेरीच्या बसमधील वर्णभेद घटनाबाह्य ठरला, त्या ब्राउडर विरुद्ध गेल खटल्यातील चार स्त्रियांमध्ये कॉल्विन होत्या आणि पार्क्स नव्हत्या.

ही चार पुस्तके वाचताना एक वही जवळ ठेवावी आणि प्रत्येक पुस्तकासाठी तीनच गोष्टी टिपाव्यात: ते कोणत्या वर्षी लिहिले गेले, लिहिणारा त्या वेळी कुठे उभा होता आणि इतर पुस्तकांत असलेले कोणते माणूस त्यात नाही. यातली तिसरी नोंद सर्वांत उपयोगी पडते. पुस्तके एकमेकांशी जुळत नाहीत म्हणून कोणी खोटे बोलते आहे असे मानण्याची घाई करू नये. १९५८ साली रॉबिन्सन यांची रात्र उजेडात आणणे धोक्याचे होते आणि १९८७ साली ते राहिले नव्हते, एवढ्या एका गोष्टीनेही पुष्कळ फरक समजतो.

भाषेकडे विशेष लक्ष द्यावे. मराठी वाचकाची पहिली अडचण 'वर्णभेद' हा शब्दच आहे, कारण आपल्या 'वर्ण' शब्दात कातडीचा रंगही आहे आणि चातुर्वर्ण्यही आहे, त्यामुळे वाचता वाचता मन आपोआप इकडचे चित्र तिकडे लावते. दुसरी गोष्ट संबोधनाची. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत गोरी माणसे काळ्या प्रौढ स्त्रीला मिस किंवा मिसेस न म्हणता नुसत्या नावाने हाक मारत. १९६३ साली अलाबामाच्या एका न्यायालयात मेरी हॅमिल्टन या कार्यकर्तीने सरकारी वकिलाने नुसते 'मेरी' म्हटल्यामुळे उत्तर देण्यास नकार दिला, न्यायाधीशाने तिला शिक्षा ठोठावली आणि १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. थिओहॅरिस यांच्या पुस्तकाच्या नावातच 'मिसेस' आहे. इंग्रजीत हा अपमान एका गाळलेल्या शब्दात असतो आणि सहज नजरेतून सुटतो. आपल्याकडे 'अगं' आणि 'अहो' यांतील अंतर कानाला लगेच कळते, म्हणून संवाद मनात मराठीत म्हणून पाहावेत. कुणी या पुस्तकांचे उतारे अनुवादित करत असेल तर त्याने हा निर्णय पहिल्या पानावरच घ्यावा. जुन्या पुस्तकांत येणारा 'निग्रो' हा त्या काळी चळवळीने स्वतःसाठीही वापरलेला शब्द आहे. तो उद्धृत करताना तसाच ठेवावा, पण आपल्या बोलण्यात आणू नये.

माँटगोमेरीहून मिसिसिपीला जावे आणि अ‍ॅन मूडी यांचे 'कमिंग ऑफ एज इन मिसिसिपी' वाचावे. १९५५ च्या ऑगस्टमध्ये तिथे एमेट टिल या १४ वर्षांच्या काळ्या मुलाचा गोऱ्यांनी खून केला, तेव्हा मूडी त्याच्याच वयाच्या होत्या आणि गोऱ्यांच्या घरी कामाला जात होत्या. ती भीती त्यांनी कोणत्याही अलंकाराशिवाय लिहिली आहे. हे पुस्तक एका बैठकीत संपवण्याचा आग्रह धरू नये. घरातील तेराचौदा वर्षांच्या मुलांसोबत वाचायचे असेल तर चळवळीतील नेते जॉन लुइस यांचे चित्रमय आत्मकथन 'मार्च' घ्यावे. त्याचे तीन भाग आहेत आणि अलाबामातील सेल्मा येथील पुलावर ७ मार्च १९६५ रोजी पोलिसांनी केलेला हल्ला त्यात खुद्द मार खाल्लेल्या माणसाच्या नजरेतून येतो.

आता कायद्याकडे वळावे, आधी नाही. सरकारी शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा ब्राउन विरुद्ध बोर्ड ऑफ एज्युकेशन हा सर्वोच्च न्यायालयाचा १७ मे १९५४ चा निकाल स्वतः वाचावा. मुख्य न्यायाधीश अर्ल वॉरन यांनी तो सामान्य माणसाला समजावा म्हणून मुद्दाम लहान ठेवला होता. त्यामागची वकिलांची आणि पालकांची दीर्घ लढाई रिचर्ड क्लूगर यांच्या 'सिंपल जस्टिस'मध्ये आहे, परंतु ते मोठे पुस्तक आहे, तेव्हा त्यातील एखादा जिल्हा निवडून वाचले तरी चालेल. व्हर्जिनियातील प्रिन्स एडवर्ड काउंटीने तर काळ्या मुलांना गोऱ्यांसोबत बसवण्यापेक्षा १९५९ ते १९६४ अशी पाच वर्षे सरकारी शाळाच बंद ठेवल्या, हे कळल्यावर निकाल आणि अंमलबजावणी यांतील दरी कोणाला वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

वर्णभेदाचा वारसा समजून घेण्यासाठी दोन पुस्तके पुरेशी आहेत. इझाबेल विल्करसन यांच्या 'द वॉर्म्थ ऑफ अदर सन्स'मध्ये दक्षिण सोडून उत्तरेकडे व पश्चिमेकडे गेलेल्या सुमारे साठ लाख लोकांची कहाणी तीन माणसांच्या आयुष्यांतून सांगितली आहे. रिचर्ड रॉथस्टीन यांचे 'द कलर ऑफ लॉ' दाखवते की काळ्या-गोऱ्यांच्या वेगळ्या वस्त्या आपोआप झाल्या नाहीत, तर १९३० च्या दशकापासून सरकारी गृहकर्जाच्या नियमांनी त्या घडवल्या. काळ्यांच्या वस्त्या नकाशावर लाल रंगवल्या गेल्या आणि तिथल्या कुटुंबांना कर्ज मिळेना. हे वाचताना त्या काळचे नकाशे संगणकावर उघडून शेजारी ठेवावेत.

मराठी वाचकाला तुलना करावीशी वाटणारच आणि ती करावी, मात्र तारखा धरून करावी. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अमेरिकेतील लोकांना अर्पण केली ती गुलामगिरी नष्ट केल्याबद्दल. त्या वेळी दक्षिणेत काळे पुरुष मतदान करत होते. अवघ्या चार वर्षांनी, १८७७ मध्ये, त्यांचे संरक्षण करणारे केंद्रीय सैन्य मागे घेतले गेले आणि पुढे वर्णभेदाचे कायदे उभे राहिले. डॉ. आंबेडकरांनी १९४६ साली काळ्यांचे विचारवंत नेते डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस यांना पत्र लिहून काळ्यांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागवली होती, आणि १९७२ साली मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने आपले नाव अमेरिकेतील काळ्यांच्या ब्लॅक पँथर पक्षावरून घेतले. जात आणि वंश एकच आहेत असे म्हणण्याची यासाठी गरज नाही. या दोन लढ्यांतील माणसांनी एकमेकांकडे काय पाहिले, ते पाहणे पुरे आहे.

हे सारे झाल्यावर रॉबिन्सन यांच्या पुस्तकाकडे परत यावे आणि त्यांनी २१ मे १९५४ रोजी, ब्राउन निकालानंतर चारच दिवसांनी, माँटगोमेरीच्या महापौरांना लिहिलेले पत्र पुन्हा वाचावे. त्यात बहिष्काराचा इशारा आहे आणि मागण्या तीन आहेत: काळ्यांनी मागून पुढे व गोऱ्यांनी पुढून मागे बसत यावे आणि जागा भरेपर्यंत कोणाला उठवू नये, पुढच्या दाराशी पैसे घेऊन मागच्या दाराने चढायला लावू नये आणि काळ्यांच्या वस्तीतही गोऱ्यांच्या वस्तीप्रमाणे प्रत्येक कोपऱ्यावर बस थांबावी. पहिल्या वाचनात या मागण्या फार छोट्या वाटतात.